न केलेल्या भूमिकांचा हिशेब

चेक लोकांचा सत्तरच्या दशकातला एखादा लाडका नट वारला, की आधी त्याच्या भूमिकांची उजळणी होते आणि पाठोपाठ एक प्रश्न हमखास येतो. १९७७ च्या जानेवारीत त्याने कम्युनिस्ट राजवटीशी निष्ठा सांगणाऱ्या पत्रकावर सही केली होती का? मग वर्तमानपत्रांची जुनी पानं उघडली जातात, यादीत नाव सापडतं किंवा सापडत नाही, आणि वाद दोन ठरलेल्या वाटांनी निघतो. एक बाजू म्हणते, सही केली म्हणजे हुकूमशाहीला चेहरा विकला, आता त्याच्या विनोदाचं कौतुक नको. दुसरी म्हणते, सगळ्यांनीच केली, पर्यायच नव्हता, गेलेल्या माणसाला उगाच आरोपीच्या पिंजऱ्यात उभं करू नका. आपल्याकडेही चेक चित्रपट आवडीने पाहणारी मंडळी या विषयावर बोलायला लागली की बहुतेक जण दुसऱ्या बाजूला झुकतात, कारण ती बाजू माणुसकीची वाटते. मला हा वाद दोन्हीकडून चुकीचा मांडला जातो असं वाटतं, पण जास्त नुकसान दुसरी बाजू करते. सही करणाऱ्यांना गुन्हेगार ठरवायचं काही कारण नाही. मात्र ‘पर्यायच नव्हता’ हे विधान खोटं आहे. ज्यांनी तो पर्याय निवडला आणि त्याची किंमत मोजली, त्यांना हे वाक्य उच्चारून आपण दुसऱ्यांदा हद्दपार करतो. अशांपैकी एक होता पावेल लांदोव्स्की.

लांदोव्स्की नायक नव्हता. आडव्या बांध्याचा, घोगऱ्या भरदार आवाजाचा हा माणूस ११ सप्टेंबर १९३६ रोजी आज हाव्लिच्कूव ब्रोद नावाने ओळखल्या जाणाऱ्या गावात जन्मला. प्रागच्या नाट्य अकादमीत त्याला प्रवेश मिळाला नाही. तेप्लित्से, शुम्पेर्क, क्लातोवी, पार्दुबित्से अशा लहान शहरांच्या नाट्यगृहांत मिळेल ते काम करत तो शिकला आणि १९६६ मध्ये प्रागच्या ‘चिनोहेर्नी क्लुब’मध्ये दाखल झाला. प्रागच्या मध्यवर्ती चौकालगतच्या गल्लीतलं हे छोटं नाट्यगृह आदल्याच वर्षी सुरू झालं होतं. तिथे नेपथ्याला आणि दिग्दर्शकाच्या कल्पनाविलासाला दुय्यम स्थान होतं. सगळा भर नटावर. लांदोव्स्कीसारख्या माणसाला यापेक्षा चांगलं घर मिळणं शक्य नव्हतं. नाटकं तो लिहायचाही, आणि सिनेमात लहानमोठी कामं करायचा. ‘मार्केटा लाझारोवा’ या १९६७ च्या मध्ययुगीन महाचित्रपटातही तो आहे. १९९८ साली चेक समीक्षकांनी देशाचा सर्वोत्तम चित्रपट म्हणून ज्याला कौल दिला, तोच हा.

आपण ज्याला चरित्र अभिनेता म्हणतो, त्याच्या कामाचं स्वरूप नीट लक्षात घेतल्याशिवाय हा सह्यांचा वाद समजत नाही. मिलोश फोरमनच्या १९६५ च्या ‘एका सोनेरी केसांच्या मुलीची प्रेमं’ या चित्रपटातला नृत्यगृहाचा प्रसंग बघा. लष्करी सेवेवर आलेले तीन मध्यमवयीन संसारी पुरुष एका टेबलाशी बसलेत. समोरच्या टेबलावर कारखान्यातल्या तीन तरुण मुली. त्यांच्याकडे वाइनची बाटली पाठवायची ठरते, आणि वेटर ती भलत्याच टेबलावर नेऊन ठेवतो. तिघांपैकी एकजण बोटातली लग्नाची अंगठी गुपचूप काढायला जातो, ती हातातून निसटते आणि घरंगळत जाते. अभिनयाचं शिक्षण नसलेली माणसं फोरमनने या टेबलाशी बसवली आणि त्यांच्या शेजारी एक कसलेला नट बसवला : व्लादिमीर मेन्शिक. तो काय करतो? फारसं काही नाही. बोलता बोलता मुलींकडे एक नजर टाकतो, मित्राला घाई करतो, माघार घेतो, पुन्हा उसनं अवसान आणतो. पण सगळ्या टेबलाचा ताल त्याच्या हातात आहे. प्रसंग संपतो तेव्हा या माणसाची बायको, त्याचं घर, आजवरच्या त्याच्या छोट्या छोट्या लबाड्या, सगळं आपल्याला ठाऊक झालेलं असतं. पाच मिनिटांत अख्खा माणूस उभा करायचा आणि मग बाजूला व्हायचं, हे चरित्र अभिनेत्याचं काम.

म्हणूनच नायकापेक्षा हा चेहरा लोकांच्या अधिक जवळचा असतो. नायकावर लोक भाळतात, पण मेन्शिक किंवा लांदोव्स्की त्यांना आपल्या गल्लीतला वाटतो. सत्तेला हे फार आधी कळलेलं असतं. तत्त्वज्ञाने केलेल्या निषेधापेक्षा रोज संध्याकाळी टीव्हीवर दिसणाऱ्या माणसाची मूक संमती तिला हजार पटींनी उपयोगी असते. १९७७ मध्ये झालं ते याच हिशेबाने.

त्या वर्षीच्या जानेवारीच्या पहिल्या आठवड्यात ‘चार्टर ७७’ हे निवेदन तयार झालं. त्यात क्रांतीची हाक नव्हती. चेकोस्लोव्हाकियाच्या सरकारने १९७५ च्या हेलसिंकी करारावर सही केली होती, संयुक्त राष्ट्रांचे मानवी हक्कांचे करारही स्वीकारले होते आणि ते देशाच्या कायद्यात छापूनही आले होते. ते पाळा, एवढीच मागणी. सुरुवातीच्या सह्या अडीचशेच्या आत. ६ जानेवारीला हे निवेदन संसदेला आणि सरकारला पोचवायला जी मोटार निघाली ती लांदोव्स्कीची होती, आणि चाकावरही तोच होता. सोबत नाटककार वाक्लाव हावेल आणि लेखक लुडविक वात्सुलिक. गुप्त पोलिसांच्या गाड्यांनी प्रागच्या रस्त्यांतून त्यांचा पाठलाग केला, गाडी अडवली, आणि आतल्या सगळ्यांना चौकशीसाठी नेलं. निवेदन स्वहस्ते पोचलं नाही, पण तोवर ते परदेशी वृत्तपत्रांच्या हाती गेलेलं होतं. चार्टरच्या पहिल्या प्रवक्त्यांपैकी एक, वयोवृद्ध तत्त्वज्ञ यान पाटोच्का, लांबलचक चौकशांनंतर मार्चमध्ये वारले.

सरकारने दिलेलं उत्तर म्हणजे २८ जानेवारी १९७७ चा राष्ट्रीय नाट्यगृहातला मेळावा. देशातले नामवंत नट, गायक, लेखक, दिग्दर्शक तिथे बोलावले गेले. अभिनेत्री यिरझिना श्वोर्त्सोवा हिने समाजवादाशी निष्ठा जाहीर करणारं पत्रक वाचून दाखवलं, कॅमेरे खुर्च्यांच्या रांगांवरून फिरत राहिले आणि मागाहून कम्युनिस्ट पक्षाच्या ‘रूदे प्राव्हो’ या दैनिकात दिवसामागून दिवस नावांच्या याद्या छापून आल्या. फेब्रुवारीत लोकप्रिय संगीतातल्या मंडळींसाठी वेगळा मेळावा झाला. याच प्रकाराला लोक पुढे ‘अँटीचार्टर’ म्हणू लागले. हे नाट्यगृह एकोणिसाव्या शतकात चेक जनतेने वर्गणी काढून उभारलं, ते जळाल्यावर पुन्हा वर्गणी काढून उभं केलं, आणि नेमक्या याच सभागृहात २४ जून १९४२ रोजी, नाझी अधिकारी हायड्रिकच्या हत्येनंतरच्या भयानक दिवसांत, चेक कलावंतांना गोळा करून त्यांच्याकडून हिटलरच्या राइशशी निष्ठेची शपथ वदवून घेतली गेली होती. हात वर केलेल्या कलावंतांची त्या दिवसाची छायाचित्रं आजही पाहायला मिळतात. पस्तीस वर्षांनी दुसऱ्या, पहिलीला आपली शत्रू म्हणवणाऱ्या सत्तेला तीच इमारत आणि तोच प्रकार का सुचावा? कारण दोघींना एकच वस्तू हवी होती. तुमच्या माझ्या ओळखीचा चेहरा.

आता दुसऱ्या बाजूचं म्हणणं त्याच्या पूर्ण ताकदीनिशी मांडतो. चार्टरचा मजकूर देशात कुठेही छापला गेलेला नव्हता. म्हणजे सभागृहातल्या बहुतेकांना ज्याचा निषेध करायचा ते वाचायलाच मिळालेलं नव्हतं. समोर आलेला कागद हजेरीचा आहे की पाठिंब्याचा, हे सगळ्यांना स्पष्ट होतं असंही नाही. यान वेरिख हा युद्धापूर्वी हिटलरविरोधी प्रहसनांनी गाजलेला थोर विनोदी नट तेव्हा एकाहत्तर वर्षांचा आणि आजारी होता. त्याचं नाव यादीत आलं आणि त्याचा त्याला फार त्रास झाला. ज्या माणसाला नाझींमुळे देश सोडून अमेरिकेत जावं लागलं होतं, त्याला या एका यादीवरून मोजायचं?

शिवाय, नकाराचा अर्थ तेव्हा नोकरी बदलणं असा नव्हता. १९४५ पासून चित्रपट उद्योग सरकारी होता. पुढे नाट्यगृहंही सरकारी झाली, आणि रेडिओ-टीव्ही सरकारचेच. मालक एकच असेल तर त्याने काढून टाकलेला माणूस जाणार कुठे? घरी बसायचीही सोय नव्हती, कारण काम न करता राहणं हा ‘परजीवीपणा’चा गुन्हा होता. म्हणून प्राध्यापक बॉयलरपाशी कोळसा टाकायचे आणि लेखक खिडक्या पुसायचे. मुलांना महाविद्यालयात प्रवेश मिळायचा नाही. स्वतःचं आयुष्य पणाला लावायला माणूस तयार होईलही, मुलीचं कसं लावणार?

आरोप करणाऱ्यांच्या घाईचं काय होतं तेही चेक लोकांनी एकदा पाहिलंय. व्लास्ता बुरियान हा दोन महायुद्धांमधल्या काळातला विनोदाचा अनभिषिक्त राजा. नाझी काळात, १९४१ साली, लंडनमधल्या निर्वासित सरकारची टिंगल करणाऱ्या एका रेडिओ नाटिकेत त्याने भूमिका केली. युद्धानंतर त्याला तुरुंगात टाकलं, शिक्षा झाली, घरदार गेलं, रंगभूमीवर यायला बंदी आली. देशाला दोन पिढ्या हसवणारा माणूस खाणीत राबला. निर्दोष ठरायला १९९४ साल उजाडलं. तोवर त्याला जाऊन तीस वर्षं उलटली होती. त्या वेळी त्याच्यावर सर्वांत मोठ्याने ओरडणाऱ्यांतल्या किती जणांनी व्यापाऱ्याच्या, कारकुनाच्या, पोलिसाच्या रूपात नाझी राजवटीची कामं मुकाट केली होती, हा प्रश्न कुणी विचारला नाही. यादीवरून न्याय करण्यातला हा धोका खरा आहे, आणि तो मला पूर्ण मान्य आहे.

सर्वांत भारी मुद्दा मात्र मेन्शिकचा आहे. मोराव्हियातल्या इवान्चित्से गावचा हा माणूस दम्याने बेजार असायचा. पन्नाशीनंतर त्याला श्वास घेतानाही कष्ट पडत. तरीही त्याने दीडशेच्या आसपास चित्रपट केले, मालिका केल्या, आणि नववर्षाच्या पूर्वसंध्येला टीव्हीवर एकट्याने किस्से सांगत अख्ख्या देशाला हसवलं. ‘सिंड्रेलासाठी तीन हेझलनट’ या १९७३ च्या परीकथेत झोपलेल्या गाडीवानाच्या अंगावर झाडावरचं घरटं पडतं आणि त्यात ते तीन हेझलनट सापडतात. तो गाडीवान मेन्शिक. तो चित्रपट आजही नाताळात चेक घरांत, जर्मनीत, अगदी नॉर्वेतही लागतो. अशी माणसं देश सोडून गेली असती तर मागे राहिलेल्या लाखो लोकांनी ती वर्षं कशाच्या आधाराने काढली असती? आणि राहिलेल्यांचं तरी कुठे सुरक्षित राहिलं? व्होइतेख यास्नीच्या ‘सगळे आमचे चांगले गाववाले’ या चित्रपटात मेन्शिकने गावातल्या चोराची जी भूमिका केली ती त्याच्या सर्वोत्तम कामांपैकी एक. यास्नीला १९६९ साली कान महोत्सवात दिग्दर्शनाचं पारितोषिक मिळालं आणि लवकरच चित्रपट कुलपात गेला. मेन्शिक २९ मे १९८८ रोजी, अठ्ठावन्नाव्या वर्षी वारला. राजवट कोसळायला अजून दीड वर्ष होतं. ते काम लोकांनी पुन्हा मोकळेपणाने पाहिलेलं बघायला तो राहिला नाही.

हे सगळं मान्य करूनही मी माझ्या जागेवरून हलत नाही, आणि त्याचं कारण मला लांदोव्स्कीच्याच एका भूमिकेत सापडतं. हावेलने १९७५ मध्ये ‘ऑडियन्स’ नावाची एकांकिका लिहिली. आदल्या वर्षी त्याने त्रुत्नोव्हच्या बिअरच्या कारखान्यात पिंपं ढकलायचं काम केलं होतं, त्या अनुभवावरची. पात्रं दोनच. बंदी घातलेला लेखक वान्येक, आणि कारखान्याचा प्रमुख, म्हणजे बिअर बनवणारा मुख्य कारागीर. कारागीर वान्येकला खोलीत बोलावतो, बाटलीमागून बाटली उघडतो, त्याला गोदामात बसून करायचं हलकं काम देऊ करतो. अट एकच. वान्येकबद्दल दर आठवड्याला वरती अहवाल द्यायचा असतो, आणि काय लिहावं हे कारागिराला सुचत नाही. तेव्हा वान्येकने स्वतःविरुद्धचा अहवाल स्वतःच लिहून द्यावा. वान्येक तत्त्वाचं कारण सांगून नकार देतो आणि मग कारागिराचा बांध फुटतो. तुमच्याकडे तत्त्वं आहेत, त्यांची तुम्हाला किंमत मिळते, लोक तुमची दखल घेतात. मला कोण विचारतं? मी कुणाच्या भरवशावर ताठ उभा राहू? असा त्याचा सवाल आहे आणि त्याला वान्येककडे उत्तर नाही.

या एकांकिकेच्या ध्वनिमुद्रणात वान्येक स्वतः हावेल आहे आणि कारागीर लांदोव्स्की. स्वीडनमध्ये १९७८ साली त्याची तबकडी निघाली आणि मायदेशात तिच्या नकला टेपवरून टेपवर उतरत घरोघरी पोचल्या. लांदोव्स्कीचा आवाज ऐका. बाटलीगणिक जड होत जाणारा, तोच प्रश्न पुन्हा पुन्हा विचारणारा, मधेच लाघवी, मधेच रडवेला. त्याने कारागिराला कुठेही हास्यास्पद केलेलं नाही. ज्याने स्वतः नकार दिला, त्याने होकार देणाऱ्याचं दुःख इतक्या आपुलकीने मांडलं, की सही करणाऱ्यांच्या बाजूने याहून चांगली साक्ष आजवर कुणी दिलेली नाही. इथे थांबून विचार करा. तडजोड करणाऱ्याची बाजू समजून घ्यायला ‘पर्याय नव्हता’ म्हणावं लागतं का? या एकांकिकेत पर्याय आहे, तो समोरच्याच खुर्चीत बसलाय. म्हणून तर कारागिराला इतकं दुखतं. पर्याय नसता तर त्याला रडू आलं नसतं. समजून घेणं आणि पर्याय नाकारणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, आणि वाद घालणारे नेमकं तेच विसरतात.

आता लांदोव्स्कीने काय मोजलं ते पाहू. ‘चिनोहेर्नी क्लुब’मधून तो बाहेर फेकला गेला. सिनेमा आणि टीव्ही बंद. १९७८ मध्ये अभिनेत्री व्लास्ता ख्रामोस्तोवा हिने आपल्या घराच्या बैठकीच्या खोलीत मॅकबेथ केलं. तिच्यावरही बंदी होती. मॅकबेथ झाला लांदोव्स्की. नट मोजके, प्रेक्षक खोलीत मावतील तेवढे, आणि पोलिसांची पाळत. लंडनच्या टॉम स्टॉपर्डने त्यावरून पुढे नाटक लिहिलं, कारण सत्ता बळकावणाऱ्याची गोष्ट अशा खोलीत करणं म्हणजे काय हे त्याला बाहेरून जास्त स्पष्ट दिसलं. त्याच वर्षीच्या २८ जानेवारीला, राष्ट्रीय नाट्यगृहातल्या मेळाव्याला बरोबर एक वर्ष होत असताना, रेल्वे कामगारांच्या नृत्यसमारंभाला गेलेल्या लांदोव्स्की, हावेल आणि त्यांच्या एका सहकाऱ्याला दारातूनच उचललं गेलं. हावेल सुटला तो मार्चच्या मध्यात. एका नाचाच्या कार्यक्रमाला तिकीट घेऊन जाण्याची ही शिक्षा. वर्षअखेरीपर्यंत लांदोव्स्की व्हिएन्नात होता. नंतर त्याचं नागरिकत्वही काढून घेतलं गेलं.

देश सोडला तेव्हा तो बेचाळिशीचा होता आणि परत आला तेव्हा त्रेपन्न. चरित्र अभिनेत्याच्या दृष्टीने ही वर्षं म्हणजे काय, हे आपल्याकडे निळू फुल्यांची कामं पाहिलेल्यांना वेगळं सांगायला नको. नायकाचं वय सरत येतं तेव्हा याचं सुरू होतं. चेहऱ्यावर पुरेसं आयुष्य साठलेलं असतं, अंगात ताकद असते, आणि बाप, सरपंच, दारूडा, वकील, सासरा, शिक्षक अशा भूमिकांची रांग लागते. मेन्शिकने त्याच वयात वर्षाला कित्येक कामं केली. लांदोव्स्कीने व्हिएन्नाच्या बुर्गथिएटरसारख्या युरोपातल्या मोठ्या रंगमंचावर काम केलं, पण परक्या भाषेत. फिलिप कॉफमनने १९८८ मध्ये चेक लेखक मिलान कुंदेराच्या कादंबरीवर चित्रपट केला त्यात त्याने मेफिस्टो नावाचं डुक्कर पाळणारा खेड्यातला माणूस साकारला. प्रागच्या कथेचा तो चित्रपट चित्रित झाला फ्रान्समध्ये आणि बोलला गेला इंग्रजीत. त्या भूमिकेत त्याला पाहताना आनंद होतो आणि पोटात कालवतं, कारण हा माणूस आपल्या भाषेत, आपल्या खेड्यात उभा असता तर काय झालं असतं हे कळत राहतं. १९७८ ते १९८९ या काळातला एकही चेक चित्रपट असा नाही की ज्यात तो आहे. ज्या भूमिका त्याने केल्याच नाहीत त्यांचं सिंहावलोकन कुठल्या महोत्सवात होणार? त्यांच्यावर लेख कोण लिहिणार? सही केलेल्यांचं कर्तृत्व पडद्यावर आहे, आणि म्हणून त्यांच्या बाजूने बोलणं सोपं जातं. न केलेल्यांच्या बाजूने दाखवायला रिकामी जागा आहे. ‘सगळ्यांनीच केली’ म्हटलं की ती रिकामी जागाही बुजते.

यावर एक आक्षेप येतो. लांदोव्स्की स्वभावानेच बेफिकीर होता, भांडखोर होता, पिणारा होता. त्याचं धाडस म्हणजे खाज. शिवाय ऑस्ट्रियाचे चॅन्सलर ब्रुनो क्रायस्की यांनी चार्टरवाल्यांना आसरा देऊ केला होता, व्हिएन्नाच्या रंगभूमीने हावेलच्या एकांकिका आधीच केल्या होत्या. म्हणजे त्याच्यासाठी दार उघडं होतं, इतरांसाठी नव्हतं. स्वभावाचं म्हणणं मला अर्धंच पटतं. धाडसाला स्वभावाचा आधार लागतो हे खरं, पण मग भित्रेपणालाही स्वभावाची सबब द्यावी लागेल आणि कुणीच कशाला जबाबदार उरणार नाही. दाराचं म्हणाल, तर मोटारीच्या चाकावर बसला तेव्हा त्याच्या खिशात व्हिएन्नाचा करार नव्हता. आणि ख्रामोस्तोवा तर गेलीच नाही. ती प्रागमध्येच राहिली, बंदी सोसत. म्हणजे परदेशाचं दार नसतानाही नकार देता येत होता.

दुसरा आक्षेप आपल्याला उद्देशून आहे. असल्या प्रसंगातून न गेलेल्या मराठी माणसाला दूरच्या चेक नटांवर मत द्यायचा अधिकार काय? मला हा आक्षेप लागू वाटत नाही, कारण थोडंसं आपणही पाहिलंय. आणीबाणीत, डिसेंबर १९७५ च्या कऱ्हाडच्या साहित्य संमेलनात दुर्गाबाई भागवत अध्यक्ष होत्या, स्वागताध्यक्ष होते केंद्रीय मंत्री यशवंतराव चव्हाण, आणि दुर्गाबाईंनी त्याच व्यासपीठावरून तुरुंगातून आजारी होऊन बाहेर आलेल्या जयप्रकाशांच्या प्रकृतीसाठी प्रार्थना करायला लावली. पुढे त्यांना अटक झाली. त्या मांडवात बसलेल्या बाकीच्या लेखकांना आपण आज गुन्हेगार म्हणत नाही, म्हणूही नये. पण ‘तेव्हा बोलणं शक्यच नव्हतं’ असं कुणी म्हणालं तर आपण लगेच दुर्गाबाईंचं नाव घेतो. हा न्याय आपण स्वतःला लावतो, तोच प्रागला लावायचा. फरक आहे तो मुदतीचा. आपली आणीबाणी एकवीस महिने चालली. २१ ऑगस्ट १९६८ ला घुसलेल्या सोव्हिएत रणगाड्यांपासून मोजलं तर त्यांची एकवीस वर्षं. एकवीस महिन्यांत गप्प बसलेला माणूस उरलेलं आयुष्य ताठ मानेने जगू शकतो. एकवीस वर्षं गप्प बसलेल्याचं ते गप्प बसणं हेच आयुष्य होऊन जातं. म्हणून त्यांच्याबद्दल बोलताना जास्त सहानुभूती हवी, हे मी मानतो. आणि म्हणूनच त्यांच्यातल्या बोलणाऱ्यांबद्दल जास्त आदरही हवा.

यादीवरून माणूस तोलणाऱ्यांना मिलोश कोपेत्स्कीचं काय करायचं तेही सुचत नाही. त्याची आई ज्यू, ऑशविट्झमध्ये मारली गेली. तो स्वतःही छावणीत राबला. पुढे ‘लेमोनेड जो’मधला खलनायक आणि रुग्णालयावरच्या मालिकेतला डॉ. श्त्रोसमायर म्हणून तो घराघरांत पोचला. राजवटीने त्याला कधी दूर केलं नाही, त्यानेही उघड भांडण मांडलं नाही. आणि मे १९८७ मध्ये नाट्य कलावंतांच्या अधिवेशनात हाच माणूस उभा राहिला आणि राज्यकर्त्यांना तोंडावर सांगितलं, की वेळेत बाजूला व्हायला शिका. राजवट कोसळली त्या नोव्हेंबर १९८९ ला अजून अडीच वर्षं होती. सही झाली की माणूस कायमचा विकला गेला असं मानणाऱ्यांना कोपेत्स्की कळत नाही, आणि पर्याय नव्हता म्हणणाऱ्यांनाही कळत नाही, कारण त्या सभागृहात बाकीच्या सगळ्यांपुढेही तोच ध्वनिक्षेपक होता.

लांदोव्स्की १९८९ नंतर परतला. १९९२ साली ‘काळे सरदार’ या चित्रपटात त्याला एक भूमिका मिळाली, आणि आजच्या चेक प्रेक्षकाला तो आठवतो तो प्रामुख्याने तिच्यासाठी. पन्नासच्या दशकात राजवटीला नकोशा तरुणांना बंदूक न देता फावडं देणाऱ्या लष्करी तुकड्या होत्या. त्यातल्या एका अडाणी, गर्जणाऱ्या, तोंडाने सतत चुकीचे शब्द फेकणाऱ्या मेजरची ती भूमिका. काही समीक्षकांनी तक्रार केली की अशाने ती क्रूर यंत्रणा निरुपद्रवी वाटते. मला ती तक्रार मान्य नाही. त्या मेजरमध्ये बिअरच्या कारखान्यातला तो कारागीर पुन्हा दिसतो : वरचे काय म्हणतील याला भिणारा, खालच्यांवर ओरडणारा, आतून गोंधळलेला. त्याला राक्षस करणं लांदोव्स्कीला सहज जमलं असतं, आणि तसं करायचा हक्क त्या पिढीत त्याच्याहून जास्त कुणाला होता? त्याने त्याला माणूस केलं. १० ऑक्टोबर २०१४ रोजी तो वारला, तेव्हा मृत्युलेखांत या मेजरचे संवाद भरभरून आले. व्हिएन्नाच्या वर्षांना बहुतेक ठिकाणी एखादं वाक्य मिळालं. पुढच्या वेळी कुणी नट गेला आणि सह्यांची यादी पुन्हा उघडली गेली, तर माझी मागणी एवढीच आहे, की यादीत असलेल्यांबरोबर त्या काळात पडद्यावरून गायब असलेल्यांचीही नावं वाचली जावीत, आणि त्यांच्या नावापुढे त्या वर्षांत त्यांना काय करता आलं नाही तेही लिहिलं जावं.